कावडीचं बेट

आमच्या आबांच्या उजव्या खांद्यावर घट्टा होता. हात लावला तर बाभळीच्या सालीसारखा लागायचा. माण तालुक्यातलं आमचं गाव. फेब्रुवारी सरला की विहिरीचा तळ दिसू लागायचा आणि ओढ्यापलीकडच्या मळ्यातून कावडीनं पाणी आणावं लागायचं. चैत्रात शिखर शिंगणापूरला महादेवाच्या कावडी मुंगी घाट चढतात, तेव्हा सगळा मुलूख तिथे लोटतो. आबांची कावड मात्र रोजची, आणि तिच्यापुढे कुणी हलगी वाजवत नसे. घागरी काठोकाठ भरलेल्या, तरी त्यांच्या चालीनं पाणी हिंदकळायचं नाही. परड्यात त्यांनी चार डाळिंबं लावली होती. त्यांना ते तांब्या-तांब्यानं पाणी घालायचे. म्हणायचे, "झाडाला न्हाय, मातीला पाजायचं असतं. मग माती बघती झाडाचं."

कॉलेजात असताना पुण्यात एका फिल्म सोसायटीच्या खेळाला एक कृष्णधवल जपानी चित्रपट पाहिला. 'हादाका नो शिमा', म्हणजे उघडं बेट. साल १९६०. पडद्यावर एक बाई खांद्यावर कावड घेऊन डोंगराची चढण चढत होती. काठी दोन्ही टोकांना वाकलेली, बादल्या लाकडी, पाऊल टाकायला जेमतेम जागा. ती एक पाय रोवते, गुडघा थरथरतो, मग दुसरा पाय. वर पोचल्यावर ते पाणी ती एकेका रोपाच्या बुडाशी ओतते. कोरडी माती ते क्षणात पिऊन टाकते आणि पुन्हा कोरडी दिसू लागते. दीड तासाच्या त्या चित्रपटात कुणी कुणाशी बोलत नाही. दिवे लागले तेव्हा माझा उजवा खांदा आखडून गेला होता.

दिग्दर्शकाचं नाव कानेतो शिंदो. पटकथाही त्यांचीच. पुढची पंचवीस वर्षं हा माणूस माझ्या मनातून गेला नाही. मिळतील ते त्यांचे चित्रपट पाहिले, मिळेल ते वाचलं. आणि गेल्या वर्षी ऑक्टोबरात पाठीला पिशवी लावून त्यांच्या मुलखात गेले. हिरोशिमा, ओनोमिची आणि ते बेट.

हिरोशिमापासून सुरुवात केली, कारण शिंदो तिथलेच. २२ एप्रिल १९१२ला ते हिरोशिमाजवळच्या एका खेड्यात जन्मले. ते खेडं आता शहरानं पोटात घेतलं आहे. घर मोठ्या जमीनदारांचं. वडील कुणाच्या तरी कर्जाला जामीन राहिले आणि सगळी जमीन गेली. जामीन राहून बुडालेली घरं आपल्याकडेही गावोगाव आहेत, त्यामुळे पुढचं मला कुणी सांगावं लागलं नाही. थोरली भावंडं पोटामागे बाहेर पडली. धाकटा कानेतो आईबापांबरोबर कोठारात राहू लागला. ज्या घराची जमीन होती, त्या घरची बाई लोकांच्या शेतावर मजुरीला जाऊ लागली. मुलगा हाताशी येण्याआधीच ती गेली. 'उघडं बेट'मधल्या बाईच्या पाठीचा बाक कुठून आला असेल, ते इथे कळतं.

शांती उद्यानातून नदीकाठानं चालले. अणुबॉम्बच्या घुमटाच्या सांगाड्याचं प्रतिबिंब पाण्यात पडलेलं, शाळेची मुलं रांगेनं उभी राहून रंगीत कागदी क्रौंचांच्या माळा वाहत होती. ६ ऑगस्ट १९४५ला सकाळी सव्वाआठला इथे जे झालं, त्याच्यावर उघडपणे चित्रपट काढणं अमेरिकी अंमल असेपर्यंत शक्य नव्हतं. एप्रिल १९५२मध्ये तो अंमल संपला आणि त्याच वर्षी शिंदो कॅमेरा घेऊन आपल्या गावी आले. 'गेन्बाकु नो को', म्हणजे अणुबॉम्बची मुलं. एक शिक्षिका सुट्टीत हिरोशिमाला परत येते आणि आपल्या बालवाडीतली मुलं आता कुठे आहेत, कशी आहेत, हे शोधत दारोदार फिरते. शहर अजून भाजलेलंच होतं, पडझड मुद्दाम उभी करावी लागली नाही. तो चित्रपट जपानच्या शिक्षक संघटनेच्या पुढाकारानं निघाला होता, पण तयार झाल्यावर संघटनेला तो पुरेसा कडक वाटला नाही. मला नेमकं तेच त्याचं मोठेपण वाटतं. शिक्षिका कुणावर ओरडत नाही. ती विचारते, ऐकते, पुढच्या दारी जाते. शिंदोंची एक बहीण नर्स होती आणि तिनं बॉम्बनं होरपळलेल्यांची शुश्रूषा केली होती. शुश्रूषा करणाऱ्याची ही नजर त्यांच्या घरातलीच होती.

शांती मार्गावर झाडांच्या सावलीत एक स्मारकशिला आहे. 'साकुरा-ताई' या फिरत्या नाटकमंडळीची. युद्धाच्या शेवटी ही मंडळी हिरोशिमात मुक्कामाला होती आणि तिच्यातली नऊ माणसं बॉम्बनं गेली, काही जागीच, काही पुढच्या दिवसांत तडफडून. शिंदोंनी १९८८मध्ये त्यांच्यावरही चित्रपट केला. बॉम्ब पडला तो एकच सेकंद पडद्यावर उलगडून दाखवायचा, असंही त्यांच्या मनात शेवटपर्यंत होतं. त्याला लागणारा पैसा उभा राहिला नाही आणि ते काम राहून गेलं.

दुसऱ्या दिवशी गाडीनं ओनोमिचीला आले. डोंगराच्या उतारावर एकावर एक घरं, मध्ये दगडी पायऱ्या, देवळं, आणि खाली रस्त्याएवढा अरुंद वाटणारा समुद्र. गाव सायकलवाल्यांनी गजबजलेलं होतं. इथून शिकोकू बेटावरच्या इमाबारीपर्यंत पुलांवरून साधारण सत्तर किलोमीटरची सायकलवाट जाते, तिच्यासाठी जगभरातून लोक येतात. धक्क्यापाशी एका दुकानात एक तरुण मुलगा उकिडवा बसून चाकाची तार ताणत होता. मी बराच वेळ त्याच्याकडे बघत उभी राहिले. १९३३मध्ये एकवीस वर्षांचा कानेतो याच गावात पोलीस असलेल्या भावाकडे राहत होता. सादाओ यामानाकांचा एक चित्रपट पाहून त्याला वाटलं, आपल्याला हेच करायचं आहे. मग सायकलच्या दुकानात काम करून त्यानं पैसे साठवले आणि पुढच्या वर्षी भावानं क्योतोतल्या एका पोलिसाला लिहिलेली चिठ्ठी घेऊन गाव सोडलं.

क्योतोत शिंको किनेमा या कंपनीत त्याला काम मिळालं ते फिल्म धुण्याच्या खात्यात. दिवाबत्तीच्या खात्यात घ्यायला उंची कमी पडली. दोनदोनशे फूट ओली फिल्म मोठ्या रुळावर गुंडाळून वाळवायची, हे त्याचं काम. या काळातली एक गोष्ट मी जिथे तिथे सांगत असते. चित्रपट आधी कागदावर लिहिला जातो, हे शिंदोंना कळलं ते कंपनीच्या संडासात. जुन्या पटकथांची पानं तिथे पुसायला ठेवलेली असत. हा पोरगा ती पानं घरी नेऊन वाचायचा. दिवसा हातातून जी फिल्म जाई, तिचा आणि रात्री वाचलेल्या शब्दांचा मेळ घालायचा. शाळा नाही, गुरू नाही. लोकांनी टाकलेल्या कागदातून या माणसानं आपली विद्या मिळवली.

पुढे कंपनी तोक्योला गेली. क्योतोच्या कुणा माणसाला गाव सोडायचं नव्हतं, त्याच्या जागी शिंदो कलाविभागात शिरले. चित्रं चांगली काढायचे. पण आजूबाजूला ज्याला त्याला दिग्दर्शक व्हायचं होतं, म्हणून आपण पटकथा लिहावी, असं त्यांनी ठरवलं. धरणापायी जमीन गेलेल्या शेतकऱ्यावरच्या पटकथेला एका मासिकाचं शंभर येनचं बक्षीस मिळालं. तेव्हा त्यांचा पगार होता पंचवीस येन. चित्रपट काही निघाला नाही, पण गेलेल्या जमिनीचा सल पहिल्यांदा कागदावर उतरला.

त्या वेळी ते केंजी मिझोगुचींच्या हाताखाली होते. जपानी चित्रपटातला हा फार मोठा माणूस. शिंदोंनी लिहिलेलं त्यांना दाखवलं, आणि तुला पटकथा लिहिण्याचं अंग नाही, असं त्यांनी तोंडावर सांगितलं. त्या दिवसांत शिंदोंना सावरलं ते त्यांच्या सहचारिणीनं. १९४३मध्ये क्षयानं ती गेली. आठ वर्षांनी शिंदो पहिल्यांदा दिग्दर्शक झाले तेव्हा त्यांनी तिचीच गोष्ट सांगितली, 'आइसाई मोनोगातारी', म्हणजे लाडक्या बायकोची गोष्ट. त्यात नापसंतीचा तो प्रसंगही आहे. आणि मिझोगुची गेल्यावर त्यांच्यावर जो मोठा माहितीपट १९७५मध्ये निघाला, तोही याच शिष्यानं केला. माणसांना गाठून, त्यांच्यासमोर बसून, गुरूचं आयुष्य त्यांनी धाग्याधाग्यानं गोळा केलं. अपमान गिळून गुरूचं ऋण फेडणं आपल्याकडच्या गवयांच्या घराण्यांना नवं नाही. म्हणून ही गोष्ट मला फार आपली वाटते.

ओनोमिचीच्या खोलीच्या खिडकीतून रात्रभर बोटींचे दिवे दिसत होते. मनात मात्र १९४४ साल होतं. बत्तिसाव्या वर्षी, तब्येतीत खालचा दर्जा मिळूनही, शिंदोंना नौदलात ओढलं. त्यांच्या तुकडीत शंभर जण होते. पहिलं काम होतं झाडलोट. मग चिठ्ठ्या निघाल्या. साठ जणांची नावं आली, ते समुद्रात गेले आणि मेले. पुन्हा चिठ्ठ्या, तीस जण पाणबुडीवर, त्यांचा मागमूस नाही. आणखी चार मालवाहू जहाजांवर, तेही गेले. उरले सहा. त्या सहांत शिंदो होते. उरलेल्यांना ताकाराझुका या शहरातलं नाट्यगृह झाडायला लावलं होतं. म्हणजे जगणं आणि मरणं यांच्यात होता एक कागदाचा कपटा, आणि तो कुणी दुसऱ्यानंच काढलेला.  शिंदो कामाला लागले. दोनशेहून अधिक पटकथा त्यांनी लिहिल्या. कितीतरी दुसऱ्या दिग्दर्शकांसाठी. स्टेशनावर मेलेल्या मालकाची वाट पाहणाऱ्या हाचिको कुत्र्याचा १९८७चा चित्रपट आपल्याकडे अनेकांना त्याच्या अमेरिकी अवतारातून माहीत आहे. ती मूळ पटकथा शिंदोंची.

सकाळी लोकल गाडीनं मिहाराला आले. इथे रेल्वेचं स्टेशन सोळाव्या शतकातल्या किल्ल्याला टेकूनच बांधलं आहे. फलाटावरून उतरलं की जुन्या बुरुजाचे दगड आणि खंदकातले मासे. पाच-सात मिनिटं चाललं की धक्का. तिथून सागीशिमा बेटाची बोट सुटते.

बोटीत दहाएक माणसं होती. माझ्या शेजारी एक आजी, पायाशी बाजाराची पिशवी, तिच्यातून कांद्याची लांबच लांब पात बाहेर आलेली. माझं जपानी 'नमस्कार' आणि 'आभारी आहे' यांच्या पुढे फारसं जात नाही. मी फोनमधलं चित्र दाखवलं, कावड घेतलेली बाई. आजींनी चष्मा वर केला, चित्र जवळ धरलं आणि म्हणाल्या, "आ, हादाका नो शिमा." मग त्यांनी आपला उजवा हात खांद्यावर ठेवला, खांदा किंचित खाली झुकवला आणि बसल्या जागी दोन्ही पाय उचलून टाकले, तोल सांभाळत चालल्यासारखे. "मिझु," त्या म्हणाल्या. पाणी. मीही माझ्या खांद्यावर हात ठेवला. आबांची चाल मला कधी करून दाखवता आली नव्हती, त्या दिवशी बोटीत आपसूक जमली. आजी हसल्या आणि काठीचं नाव सांगितलं, "तेन्बिनबो." मी म्हटलं, "कावड." त्यांनी तो शब्द दोनदा घोळवला.

अर्ध्या तासाच्या आत बोट टेकली. उतरल्यावर आजींनी मला बाहीला धरून किनाऱ्याच्या रस्त्यापर्यंत आणलं आणि समोर बोट दाखवलं. पाण्यात एक हिरवा उंचवटा. ते सुकुनेजिमा. माझी कल्पना होती त्याहून फारच लहान. नीट वाट असती, तर पाच-सात मिनिटांत वळसा घालून झाला असता. चित्रपटात ते जगाएवढं मोठं वाटतं, कारण आपण ते त्या बाईच्या पायांनी चढलेलो असतो.

१९६०मध्ये शिंदो या किनाऱ्यावर आले तेव्हा त्यांची कंपनी बुडायला आली होती. दहा वर्षांपूर्वी त्यांनी मोठी नोकरी सोडून, दिग्दर्शक कोझाबुरो योशिमुरा आणि नट ताइजी तोनोयामा यांच्याबरोबर 'किंदाई एइगा क्योकाई' ही स्वतंत्र चित्रसंस्था काढली होती. कर्ज झालं होतं. आता बंदच करायची, तर शेवटचा एक चित्रपट मनासारखा करून बंद करू, म्हणून सगळी मिळून डझनभर माणसं आणि थोडेसे पैसे घेऊन ते इथे उतरले. मंडळी सागीशिमावर एकत्र राहायची आणि रोज होडीनं समोर जायची. नवऱ्याचं काम तोनोयामांचं. दारूनं त्यांचं यकृत पार खराब झालं होतं. बेटावर दारूच नव्हती, तेव्हा चित्रीकरण संपेपर्यंत गडी सुधारला. बायकोचं काम नोबुको ओतोवांचं. या ताकाराझुकाच्या रंगमंचावरच्या तारका, ज्या ताकाराझुकाचं नाट्यगृह शिंदोंनी सैनिक म्हणून झाडलं होतं. मोठ्या कंपनीचं नाव आणि पैसा सोडून त्या शिंदोंच्या छोट्या संस्थेत आल्या. शिंदोंच्या पहिल्या चित्रपटातली बायको त्याच, हिरोशिमातली शिक्षिकाही त्याच, आणि आता इथे होडी वल्हवणारी, कावड उचलणारी शेतकरीणही त्याच.

पुढच्या वर्षी मॉस्कोच्या महोत्सवात या चित्रपटाला सर्वोच्च सन्मान मिळाला. साठाहून अधिक देशांनी तो विकत घेतला. कर्ज फिटलं, संस्था तगली. एकही संवाद नसलेला चित्रपट सगळ्या जगाला समजला, कारण पाण्याचं ओझं कुठल्याच भाषेत वेगळं नसतं.

किनाऱ्यानं पुढे चालत गेले तर पाण्याच्या कडेला मोठ्या खडकात कोरलेला जिझो भेटला. वाटसरूंचा आणि लहान मुलांचा हा देव. सन १३००मध्ये घडवलेला. भरती आली की समुद्र त्याच्या खांद्यापर्यंत चढतो. मी गेले तेव्हा पाणी ओसरत होतं आणि मूर्तीच्या छातीवर ओलीची रेघ होती. चहूकडे पाणीच पाणी आणि प्यायला थेंब नाही, हा या बेटांचा जुना भोग. जिझोपाशी बसून मी समोरच्या बेटाकडे पाहत राहिले आणि चित्रपट पुन्हा मनात सुरू झाला.

त्यातला एक प्रसंग मला अजून सहन होत नाही. चढण संपता संपता बायकोचा पाय घसरतो, बादली सांडते. नवरा आपली कावड खाली ठेवतो, तिच्याजवळ येतो आणि तिच्या मुस्काटात मारतो. ती पडते, उठते, उरलेलं पाणी घेते. शिंदो त्याची बाजू घेत नाहीत आणि तो प्रसंग झाकतही नाहीत. गरिबी माणसाला साधं करते, असं खोटं त्यांनी कधी सांगितलं नाही. पुढे ती दोघं पोरांना घेऊन सापडलेला मोठा मासा विकायला ओनोमिचीला जातात, हॉटेलात जेवतात, दुकानातल्या टीव्हीकडे बघत उभी राहतात. त्यांच्या आयुष्यातली एवढीच एक चैन. आणि मग थोरला मुलगा तापानं फणफणतो. बाप होडी घेऊन डॉक्टरला आणायला धावतो. डॉक्टर येतात तेव्हा पोर गेलेलं असतं.

अंत्यविधीनंतर पुन्हा तेच काम. पाणी आणायचं, चढायचं, रोपांच्या बुडाशी ओतायचं. आणि एके दिवशी ती बाई बादली उलथून टाकते. एवढ्या कष्टानं जगवलेली रोपं ओरबाडून काढते आणि जमिनीवर पडून हंबरडा फोडते. सगळ्या चित्रपटात माणसाच्या कंठातून फुटलेला एवढाच मोठा आवाज. नवरा नुसता उभा राहतो. ज्यानं सांडलेल्या पाण्यासाठी तिला मारलं होतं, तो आता काहीच करत नाही. थोड्या वेळानं तो पुन्हा पाणी घालू लागतो. मग तीही उठते.

कॉलेजात मला हा शेवट हताश वाटला होता. जिझोपाशी बसल्यावर तो वेगळा दिसला. तीन बादल्या, तीस बादल्या, तीनशे बादल्या, माती सगळं पिते आणि पोर काही परत येत नाही. तरी ती उठते, कारण दुःख उचलायला दुसरी कावड तिच्याकडे नाही. शंभरातून सहा जण उरल्यावर शिंदोही असेच उठले होते. २०१०मध्ये अठ्ठ्याण्णवाव्या वर्षी, चाकांच्या खुर्चीत बसून, त्यांनी आपला शेवटचा चित्रपट पूर्ण केला, 'इचिमाई नो हागाकी', एक पोस्टकार्ड. त्यात शंभर सैनिक आहेत, चिठ्ठ्या आहेत, आणि मागे उरलेल्या बाईच्या खांद्यावर कावड आहे. शेवटी त्या उजाड जमिनीत पुन्हा धान्य उभं राहतं. पन्नास वर्षांनी त्यांनी तीच चढण पुन्हा चढवून नेली, आणि या वेळी पीक दाखवून थांबले.

परतीच्या बोटीला तासभर होता. समोरच्या बेटावर कुणी राहत नाही, शेती नाही. जिथे कॅमेरा लागला होता ती उघडी चढण झाडांनी झाकली आहे. ओतोवा डिसेंबर १९९४मध्ये यकृताच्या कर्करोगानं गेल्या. अनेक वर्षांच्या सोबतीनंतर १९७८मध्ये त्यांचं आणि शिंदोंचं लग्न झालं होतं. त्यांची निम्मी रक्षा त्या समोरच्या बेटावर विखुरली. शिंदो शंभरावा वाढदिवस करून २९ मे २०१२ला गेले. त्यांच्या इच्छेप्रमाणे त्यांचीही रक्षा तिथेच विखुरली.

मी त्या हिरव्या उंचवट्याकडे पाहत होते. ओतोवा आणि तोनोयामांनी तिथे नेलेलं पाणी चित्रपटासाठी होतं, पण माती खरी होती आणि ती खरोखरच प्यायली. आता तिथे पाणी न्यायला कुणी जात नाही, आणि झाडं इतकी दाट वाढली आहेत की खालचा उतार दिसत नाही.

"मग माती बघती झाडाचं." आबांचा आवाज इतका जवळून आला की मी मागे वळून पाहिलं. रस्त्यावर मघाच्या आजी उभ्या होत्या, बोटीची वेळ झाली म्हणून मला हाक मारायला आल्या होत्या.